चुलीपाशी ठेवलेला कॅमेरा

आमच्या घरात हिवाळ्यात कॅमेरा कधी आत आला नाही. पहाटे कुठे निघायचं असलं की माझा नवरा पोविलास आदल्या संध्याकाळी स्टुडिओतून कॅमेरा घरी आणायचा. मग कॅमेऱ्याची पेटी गॅलरीत, जुन्या घोंगडीखाली, आणि हा स्वयंपाकघरात, हात शेकत. आमची मुलगी लहानपणी विचारायची, बाबा, त्याने काय केलं म्हणून त्याला बाहेर उभं करता? पाहुण्यांनी विचारलं तर तो सांगे की गारठलेली वस्तू एकदम उबेत आणली की तिला घाम फुटतो, चष्मेवाल्यांना विचारा. कारण खरंच होतं. पण ते सांगताना तो माझ्याकडे बघायचा नाही, आणि मीही बशा पुसत राहायची.

तो गेला तेव्हा वर्तमानपत्रांनी त्याच्या चित्रपटांची आणि बक्षिसांची नावं छापली. दोन चुका सोडल्या तर सगळं बरोबर होतं. कुणीतरी लिहिलं होतं की नेमुनास नदीवरचा बर्फ फुटण्याचा तो प्रसंग म्हणजे ‘बारकाईने आखलेल्या छायाचित्रणाचा नमुना’. ते वाचून मला एकटीलाच हसू आलं. तो प्रसंग कसा चित्रित झाला ते पाहिलेली आता मी एकटीच उरले आहे, म्हणून लिहिते.

पोविलास सिनेमाच्या घरात जन्मला नव्हता. त्याचे वडील खेड्यातले शाळामास्तर, मधमाश्या पाळणारे. एका वर्षी सरकारने त्यांना सायबेरियात हद्दपार केलं. हा तेव्हा काउनासला मावशीकडे होता म्हणून राहिला. एका छायाचित्रकाराकडे ओळखपत्रांचे फोटो काढत काढत तो शिकला. चेहऱ्यावर उजेड कुठून पडतो हे त्याला तिथेच कळलं, असं तो म्हणे, कारण फोटो काढून घ्यायला आलेला प्रत्येक माणूस घाबरलेला असायचा आणि घाबरलेल्या चेहऱ्याला समोरचा उजेड सोसत नाही. पुढे तो व्हिल्नियसला आमच्या स्टुडिओत लागला. मी तिथेच चित्रीकरणाच्या नोंदी ठेवायची. कुठल्या शॉटमध्ये नटीने हातमोजा कुठल्या हातात धरला होता, पेला किती भरला होता, हे सगळं लिहून ठेवणं हे माझं काम. काउनासच्या शाळेत नन्सनी आम्हा मुलींना अक्षर आणि नीटनेटकेपणा ही दोनच शस्त्रं दिली होती, ती मला आयुष्यभर पुरली.

पोविलासला स्टुडिओने बातमीपटात टाकलं होतं. कापणी, दूधसंकलन, मे महिन्यातली संचलनं. त्याच्याहून कच्चे लोक चित्रपट करू लागले, हा दुधाच्या किटल्यांपाशीच राहिला. कारण कुणी बोलून दाखवत नसे. त्याच्या फायलीत वडिलांचं नाव होतं आणि वडिलांच्या नावापुढे सायबेरिया.

मग एका शरदात दिग्दर्शक रोमुआल्दासचा मुख्य कॅमेरामन पोटाच्या दुखण्याने रुग्णालयात गेला आणि रोमुआल्दासने पोविलासला मागून घेतलं. स्टुडिओच्या संचालकांनी बराच वेळ खिडकीबाहेर पाहिलं म्हणे. मग म्हणाले, ठीक आहे, पण बर्फाचा प्रसंग आधी घ्या. ते चित्रण मी स्वतः पाहीन. जमलं असलं तर पुढे चालू, नाहीतर तुमचा माणूस परत बातमीपटात. बातमीपटात परत पाठवलेला माणूस पुन्हा बाहेर येत नसे, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं.

आता हा बर्फाचा प्रसंग काय, ते सांगते. नेमुनास समुद्राला मिळते तिथे नदीला फाटे फुटतात आणि गावं बेटांसारखी पाण्यात बसतात. हिवाळ्याच्या शेवटी असे काही दिवस येतात की बर्फावरून चालावं तर तो कच्चा, नाव घालावी तर जाड. तिथले लोक या दिवसांना शाकतारपिस म्हणतात. त्या दिवसांत या काठचा माणूस या काठी आणि त्या काठचा त्या काठी, मग कुणी जन्मो की मरो. आमच्या चित्रपटातली म्हातारी नेमकी याच दिवसांत मरते आणि तिची मुलं तिची शवपेटी नावेत घालून पलीकडच्या चर्चकडे निघतात. नाव मधोमध असताना बर्फ फुटतो. हे खोटं उभं करता येण्याजोगं नव्हतं. बर्फ वर्षातून एकदा फुटतो. चुकलं तर पुढच्या वर्षी, आणि पुढचं वर्ष पोविलासला कुणी देणार नव्हतं.

आम्ही अलीकडच्या काठावर एंड्रियुस नावाच्या कोळ्याच्या घरी उतरलो. आम्ही म्हणजे पोविलास, मी आणि ब्रोन्यूस. ब्रोन्यूस हा पोविलासचा सहायक, निवृत्तीला आलेला, कॅमेऱ्यावर लेकीसारखी माया करणारा आणि माणसांवर सतत करवादणारा. एंड्रियुसची बायको उर्टे. साठीची, रुंद हातांची, गुडघेदुखीवर आणि सरकारवर सारख्याच आवाजात बोलणारी. तिला आम्ही मावशी म्हणू लागलो.

चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी आमच्याकडे कॅमेऱ्याच्या ट्रायपॉडवर एक बशी आपटून फोडतात आणि प्रत्येकजण तिचा एक तुकडा ठेवून घेतो. स्टुडिओतून बशी आणायची राहून गेली, म्हणून ब्रोन्यूसने उर्टेमावशींच्या फळीवरची एक मागून घेतली. तिला वाटलं भूक लागली असेल. तिच्या डोळ्यांदेखत रोमुआल्दासने ती फोडली तेव्हा ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

“आमच्याकडे मेले दारू पिऊन बशा फोडतात. तुम्ही फोडून मग पिणार वाटतं?”

प्यायलेच. भिंगं पुसायला स्टुडिओकडून जे स्पिरिट मिळतं ते त्या दिवशी पाणी घालून सगळ्यांनी घेतलं. स्टुडिओतली ती जुनीच रीत, भिंगांना त्यातलं क्वचितच काही मिळायचं. मावशींनी मात्र आपल्या बशीचा एक तुकडा हक्काने मागून घेतला आणि शेल्फावर ठेवला.

त्या घरातली आणखी एक रीत सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावर आहे. तिथे पाहुण्याने पहिल्यांदा नको म्हणायचं असतं. दुसऱ्यांदाही नकोच. यजमानाने हे दोन्ही नकार कानांवर घ्यायचे नसतात, तिसरा नकारच खरा. पहिल्या संध्याकाळी पोविलासने धुरावलेला मासा नको म्हटलं, तेव्हा तिने दोन वाढले. खोली नको म्हटलं, तर स्वतःची गादी दिली. मला पायात घालायला तिने लोकरीचे मोजे आणले, मी म्हटलं, आहेत माझे. ती म्हणाली, “असू देत, ते तुझ्या शहरातले,” आणि वाकून स्वतःच माझ्या पायात घातले.

कॅमेरा आम्ही गोठ्यालगतच्या पडवीत ठेवला होता, बाहेरइतक्याच थंडीत. लेन्सची पेटी आणि फिल्मचे डबेही तिथेच. उर्टेमावशी म्हणाली, इतकी महागाची वस्तू बाहेर कशाला, आत जागा आहे. पोविलास हसून म्हणाला, राहू दे मावशी, ती तिथे बरी आहे. तिने पुन्हा विचारलं. त्याने पुन्हा नको म्हटलं, तुम्ही कशाला त्रास घेता. मी तिथेच होते. त्याने आदराने म्हटलं होतं, आणि तिला तो आदरच ऐकू आला.

रोमुआल्दास नट मंडळींना घेऊन पलीकडच्या काठावर, चर्चपाशी राहायला गेला. शवपेटी घेऊन निघालेली नाव तिकडे पोचते ते दृश्य तो तिथून पाहणार, पोविलास अलीकडच्या बांधावरून लांबच्या लेन्सने चित्रण करणार. शवपेटीच्या नावेवर नटांचे कपडे घातलेले एंड्रियुसचे दोन पुतणे. तिकडच्या नावांना खाली लोखंडी पट्ट्या असतात. बर्फावर ढकलत न्यायची, आणि पायाखाली तडकलं की उडी मारून आत बसायचं. शवपेटी जड दिसावी म्हणून तिच्यात बटाट्यांची पोती भरली होती. मावशींनी आधीच सांगून ठेवलं होतं की ते बटाटे नंतर आमच्याच ताटात येतील, तिच्या घरी ते कुणी खाणार नाही.

बर्फ फुटायच्या बेतात आला की पलीकडून रोमुआल्दासने लाल कापड हलवायचं आणि पुतण्यांनी निघायचं, एवढंच ठरलेलं. मग नुसती वाट पाहणं. एंड्रियुस रोज काठावर जाऊन पहारीने बर्फ टोचायचा आणि मान हलवून परत यायचा. पोविलास जेवायचा नाही, वाढलेलं इकडून तिकडे करायचा. एकदा मला म्हणाला, “किटल्यांचं चित्रण वाईट नसतं ग. फक्त त्यांना सांगण्यासारखं काही नसतं.”

ज्या सकाळी ते घडलं त्या पहाटे कडक थंडी पडली होती. वरच्या अंगाला बर्फ वितळून पाणी चढलं होतं, खाली आमच्याकडे मात्र श्वास गोठत होता. आकाश स्वच्छ. एंड्रियुस काठावरून धावत आला आणि म्हणाला, पाणी खालून उचलतंय, आता थोड्या वेळाचा खेळ आहे. ब्रोन्यूस पडवीत गेला आणि तसाच रिकाम्या हाताने बाहेर आला. त्याचा चेहरा पाहून मला वाटलं कॅमेरा चोरीला गेला.

कॅमेरा स्वयंपाकघरात होता. चुलीलगतच्या बाकावर, उर्टेमावशींच्या लोकरीच्या शालीत गुंडाळलेला, जसं वेळेआधी झालेलं कोकरू ठेवतात तसा. गाईची धार काढायला ती उठली, पडवीत तिला ते गोठलेलं दिसलं, आणि तिने उचलून आणलं. चुलीवर माशाचं सूप उकळत होतं, दोरीवर कपडे वाळत होते. खोलीभर वाफ.

“किती गार पडलं होतं बिचारं,” ती म्हणाली. “आता बघ, हाताला कसं ऊबदार लागतंय.”

पोविलासने शाल बाजूला केली. कॅमेऱ्यावरून पाणी ओघळत होतं. त्याने लेन्समधून पाहिलं, मग नेत्रकाचेतून. ब्रोन्यूसनेही पाहिलं. मग त्याने मला खूण केली. मी डोळा लावला तर आत पांढरं, दुधासारखं. पुसता येण्याजोगं नव्हतं, दव आतल्या भिंगांवर बसलं होतं. बाहेर नेलं की तेच आत गोठणार. चुलीपाशी वाळू द्यावा तर दुपार होणार.

बाहेर पहिला तडा गेला. दूर कुणीतरी मोठं कापड फाडावं तसा आवाज.

ब्रोन्यूस हळू आवाजात, पण घाईने बोलला. त्याचं म्हणणं सरळ होतं. पंचनामा लिहायचा. यजमानीणबाईंनी न विचारता सरकारी यंत्र हलवलं, म्हणून चित्रण झालं नाही. मी सही करतो, वहिनी सही करतील. आपली मान मोकळी. तो दुष्ट माणूस नव्हता, त्याला पेन्शन जवळ दिसत होती. पण त्या घरात शेल्फावर एक फोटो होता, मावशींच्या भावाचा, जो युद्धाच्या शेवटी पश्चिमेला निघून गेला तो परतला नाही. अशा घरच्या बाईचं नाव सरकारी यंत्र बिघडवल्याच्या कागदावर येणं म्हणजे काय, हे पोविलासला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. त्याच्या वडिलांच्या बाबतीतही सुरुवात एका कागदानेच झाली होती.

मावशी सुपात मीठ टाकत होती. तिला आमच्या चेहऱ्यांवरचं काही कळलं नाही, किंवा तिने ते घाई समजलं.

“मावशी,” पोविलास म्हणाला, “शाल राहू दे का याच्यावर? बाहेर वारा आहे.”

“ने की. विचारतोस काय.”

मग तो ब्रोन्यूसकडे वळला. “पेटीतली जवळची लेन्स थंडच आहे ना? ती लाव. फिल्म सरकते ती जागा पुसून काढ.”

“कशाने पुसू? स्पिरिट तर बशीबरोबर गेलं.”

पोविलासने त्याच्या कोटाकडे बोट दाखवलं. ब्रोन्यूसने शिवी घातली, कोटाच्या आतल्या खिशातून छोटी बाटली काढली आणि फडक्यावर उपडी केली. इतक्या वर्षांत भिंगांच्या नावाने मिळालेलं स्पिरिट मी पहिल्यांदाच यंत्राला लागताना पाहिलं.

जवळची लेन्स म्हणजे काय ते मला तेव्हा नीट उमगलं. तिने बांधावरून पाहिलं तर नाव मुंगीएवढी दिसणार. ती नाव पडद्यावर नावेसारखी दिसायला हवी तर कॅमेरा नावेशेजारी हवा. म्हणजे बर्फावर. आणि डोळा लावायची काच आंधळी. बंदुकीच्या नळीवरून नेम धरतात तसा वरून अंदाज घ्यायचा. एवढ्या उजेडात या लेन्समध्ये जवळचं, दूरचं सगळं स्पष्ट येईल, पण चौकटीत काय येतंय ते त्याला दिसणार नव्हतं. आणि डब्यात जेमतेम दोन मिनिटांची फिल्म. बर्फावर डबा बदलणं शक्य नव्हतं.

पोविलासने एंड्रियुसला सांगितलं की मला शेजारून न्या, तेव्हा त्याने आपली दुसरी नाव सरकवली, जाळ्याची दोरी पोविलासच्या कमरेला बांधली आणि दुसरं टोक स्वतःच्या. मला तो म्हणाला, “बाई, तुम्ही इथून ओरडू नका. तो वळून बघेल.”

मी ओरडले नाही. हातमोज्यात नखं रुतवून उभी राहिले. ब्रोन्यूस शेजारी होता.

पलीकडे लाल कापड हललं. पुतण्यांनी शवपेटीची नाव ढकलली, एक पाय नावेत, एक बर्फावर. त्यांच्या उजवीकडे थोडी मागे एंड्रियुसची नाव, तिच्यात गुडघ्यांवर बसलेला पोविलास, शालीत गुंडाळलेला कॅमेरा छातीशी धरून. बर्फ करडा झाला होता. दोन्ही नावांच्या मागे काळ्या रेघा उमटत होत्या. बरंच अंतर काही झालं नाही. ब्रोन्यूस पुटपुटत होता, आत्ता नको, आत्ता नको. फिल्म आधी सुरू केली तर बर्फ फुटेपर्यंत संपणार, उशिरा केली तर फुटलेलं हातून जाणार. आणि तो केव्हा कळ दाबतो हे आम्हाला इथून कळणार नव्हतं. एवढ्या आवाजात कॅमेऱ्याची घरघर कुठली ऐकू येणार.

मग नदी मधोमध उचलली गेली. मला दुसरा शब्द सुचत नाही. सपाट असलेलं एकदम उभं राहिलं, तुकड्यातुकड्यांनी, आणि त्यांच्यामधून काळं पाणी वर आलं. पुतण्यांनी उड्या मारल्या. शवपेटी एका अंगाला सरकली. एकाने ती पाठीने अडवली. एंड्रियुसची नाव फिरली. एक मोठा तुकडा खालून तिच्यावर चढला आणि पोविलास पुढे फेकला गेला. मला त्याचे हात दिसले, वर धरलेले, आणि त्यांच्यात कॅमेरा. काहीतरी काळं उडून पाण्यात पडलं. ब्रोन्यूसने माझा दंड धरला. ते काय होतं ते आम्हाला कळेना. एंड्रियुस मागे रेलून दोरी ओढत होता. थोडा वेळ दोन्ही नावा तुकड्यांआड गेल्या.

पुन्हा दिसल्या तेव्हा त्या पलीकडच्या काठाजवळ होत्या. शवपेटीची नाव लागली. मग दुसरी. एक माणूस उतरला, मग दुसरा. त्यातल्या एकाने टोपी काढून इकडे हलवली. मी बांधावर बसले.

घरात आले तर मावशींनी माझ्यासमोर सूप ठेवलं. मी नको म्हटलं. तिने वाडगा भरला.

आता नदी फुटलेली, तुकडे वाहताहेत, नाव घालता येत नाही. तो त्या काठी आणि मी या काठी. संध्याकाळी तो पलीकडच्या धक्क्यावर यायचा, मी बांधावर जायची. आवाज नीट पोचत नसे. मी हातांनी विचारलं, मिळालं का? त्याने दोन्ही हात पसरले. त्याचा अर्थ माहीत नाही असाही होत होता आणि देवाला ठाऊक असाही. त्याच्या बाजूने फिल्मचा डबा गाडीने व्हिल्नियसला गेला, आणि मी रोज बटाटे खात राहिले. शवपेटी पलीकडे गेली होती, पण तिच्यात न मावलेलं एक पोतं मागे उरलं होतं, आणि मावशींनी सांगितल्याप्रमाणे तेही आमच्याच ताटात आलं. मी आणि ब्रोन्यूस जेवताना शवपेटीचं नाव काढत नव्हतो.

नंतर मला कळलं की पलीकडे उतरल्या उतरल्या रोमुआल्दासने त्याची कॉलर धरली होती. ठरलेलं सोडून हा नावेत का चढला, कुणी सांगितलं. पोविलास म्हणाला, बांधावरून फार दूर वाटलं. रोमुआल्दासने विचारलं, चौकट कशी होती? पोविलास म्हणाला, चांगली होती. आयुष्यात तो माणूस इतकं सरळ खोटं बोललेला मला दुसरीकडे कुठे माहीत नाही.

फिल्म धुऊन आली त्या दिवशी स्टुडिओच्या छोट्या दालनात संचालक पुढे बसले, रोमुआल्दास त्यांच्या शेजारी, पोविलास भिंतीला टेकून उभा. मी मागे, नोंदी घ्यायला. दिवे गेले.

पहिल्यांदा नुसतं आकाश. मग तिरका बर्फ. शवपेटीची नाव चौकटीच्या एका कोपऱ्यात, अर्धी कापलेली. आणि खाली, सबंध खालच्या भागात, काहीतरी काळं फडफडत होतं. वर येई, नावेवरून फिरे, खाली जाई. शवपेटी दिसायला लागली की ते नेमकं तिच्यावर येई. मी ओळखलं. उर्टेमावशींच्या शालीच्या दशा होत्या. तिच्याच जोडीच्या दुसऱ्या शालीने मी त्या घरी शेवटच्या संध्याकाळपर्यंत गुडघे झाकून घ्यायची. काचेतून दिसलं असतं तर पोविलासने एका झटक्यात ती बाजूला केली असती. आंधळ्या काचेतून त्याला कसं दिसणार.

पडद्यावर ते फडफडत राहिलं. फिल्म संपत चालली होती. संचालक खुर्चीत हलले. पोविलासने डोळे मिटले होते, पडद्याच्या उजेडात मला ते दिसत होतं.

मग चौकटीला धक्का बसला. सगळं एकदम गडबडलं, पाणी, आकाश, पाणी, आणि ते काळं निघून गेलं. तोच धक्का, ज्याने पोविलास नावेत तोंडावर आपटला होता आणि शाल उडून पाण्यात पडली होती. त्यानंतर समोर काही आड नव्हतं. जमीन कुठे, आकाश कुठे ते कळत नव्हतं, सगळं कलतं. बर्फाचे तुकडे शवपेटीहून उंच उठत होते, आणि एक माणूस पाठीने आपल्या आईची शवपेटी अडवून उभा होता. पुतण्याला त्या क्षणी बटाट्यांची आठवण नव्हती. त्याचा चेहरा खरा होता. मग फिल्म संपली आणि पडदा पांढरा झाला.

दिवे लागले. संचालकांनी चष्मा काढून पुसला.

“शेवटचं चांगलं आहे,” ते म्हणाले. “पण सुरुवातीला ते काळं काय होतं?”

पोविलासने तोंड उघडलं. मला ठाऊक आहे, तो खरं सांगणार होता. त्याला खोट्याची सवय नव्हती, आणि एकदा बोलून झालं होतं. पण त्याच्याआधी रोमुआल्दास बोलला. त्याने त्या घरी सूप घेतलं होतं. ती शाल त्याने मावशींच्या खांद्यावर पाहिली होती, चुलीपाशी पाहिली होती. त्याने पोविलासकडे वळून नीट पाहिलं. मग संचालकांना म्हणाला, “नावेच्या दोरीचं टोक. वाऱ्याने येतं. तेवढं कापून टाकू.”

संचालकांनी मान हलवली आणि पुढच्या वेळापत्रकाचं विचारलं. म्हणजे पुढे चालू.

बाहेर व्हरांड्यात रोमुआल्दास पोविलासला एवढंच म्हणाला, “पुढच्या वेळी शाल घालायची तर नटीला घाल.” त्यांची मैत्री पुढे खूप वर्षं टिकली, पण त्यावर ते पुन्हा कधी बोलले नाहीत. ब्रोन्यूसही बोलला नाही. निवृत्तीच्या समारंभात सुद्धा नाही, आणि तिथे तो सगळ्यांबद्दल सगळं बोलला.

पोविलासने चित्रपटाच्या पहिल्या पगारातून मावशींना नवी शाल पाठवली, दाट, गर्द निळी. तिचं उत्तर पोस्टकार्डावर आलं की जुनी बरी होती, पण हीदेखील पांघरीन.

त्या उन्हाळ्यानंतर चित्रपट पूर्ण झाला आणि एक दिवस त्या गावातल्या सभागृहात तो दाखवला. आम्ही दोघं गेलो. उर्टेमावशी पुढच्या रांगेत, निळी शाल पांघरून, एंड्रियुस शेजारी. त्याचे पुतणे मागे उभे, लाजलेले. बर्फाचा प्रसंग आला तेव्हा सभागृहात कुणी खोकलं नाही. या लोकांनी आपली माणसं तसल्या दिवसांत तशीच नेली होती. मावशी हात जोडून बसली होती.

दिवे लागले तेव्हा बायका तिच्याभोवती जमल्या. ती वळली आणि पोविलासकडे बोट दाखवून सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, “याचं मशीन पडवीत गोठून मरायला टेकलं होतं. सकाळी मी चुलीपाशी आणून ऊब दिली, म्हणून हे सगळं निघालं. नाहीतर कसलं काय.”

बायकांनी पोविलासकडे पाहिलं. मी त्याच्याकडे पाहिलं.

“खरं आहे मावशी,” तो म्हणाला. “नको नको म्हणत होतो मी.”

“तुम्ही शहरातली माणसं नको म्हणायचं फार लवकर थांबवता,” ती म्हणाली आणि त्याचा हात धरून त्याला घरी जेवायला घेऊन गेली.